उसना गोलकीपर

आधी दक्षिण लंडनला चला. साल १९९१. क्रिस्टल पॅलेस क्लबच्या सरावाच्या मैदानावर गवत अजून ओलं आहे आणि एका गोलपोस्टसमोर गोलकीपर आळीपाळीने चेंडू झेलत आहेत. त्यांच्यातला उंच, कोवळा मुलगा बघा. जिमी ग्लास. वय अठरा, जन्म एपसमचा. व्यावसायिक फुटबॉलपटू म्हणून नुकताच रुजू झाला आहे. पडतो, उठतो, हातमोज्यांवरचा चिखल पँटला पुसतो आणि पुन्हा उभा राहतो.

आता त्याच्या पुढे कोण आहे तेही बघा. नायजेल मार्टिन. दोन वर्षांपूर्वी लिव्हरपूलने पॅलेसचा ९-० असा धुव्वा उडवला आणि हादरलेल्या क्लबने दहा लाख पौंड मोजून मार्टिनला आणलं. इंग्लंडमध्ये तोवर एवढी रक्कम कुठल्याही गोलकीपरसाठी कोणी मोजली नव्हती. अशा माणसाच्या मागे रांगेत उभं राहायचं म्हणजे काय, हे तुम्हाला इथे उभं राहिल्यावर कळतं. फॉरवर्डला विंगवर जागा मिळू शकते, बचावपटू मधल्या फळीत खपून जातो. गोलकीपरची जागा मात्र एकच. पुढचा जखमी झाला, फॉर्म हरवून बसला किंवा विकला गेला, तरच मागच्याची पाळी येते. ग्लासची पाळी पॅलेसमध्ये आलीच नाही. तिथे तो लीगचा एकही सामना खेळला नाही. मध्ये काही दिवस पोर्ट्समथला उसनवारीवर जाऊन आला आणि १९९६ मध्ये दक्षिण किनाऱ्यावरच्या बोर्नमथला गेला. तिथे अखेर हक्काची जागा मिळाली. तिथे लीगचे नव्वदहून जास्त सामने.

इंग्लंडच्या लीग फुटबॉलमध्ये चार पायऱ्या आणि ब्याण्णव क्लब. टीव्हीवर दिसते ती वरची पायरी. खालच्या पायऱ्यांवर शेकडो खेळाडू एक-दोन वर्षांच्या करारांवर जगतात. करार ३० जूनला संपतो. मे महिन्यात क्लब यादी लावतो, कोण राहणार आणि कोण जाणार. यादीत नाव नसलं की घर सोडायचं, मुलांची शाळा बदलायची, नवा मॅनेजर शोधायचा. अशा खेळाडूला तिथे ‘जर्नीमन’ म्हणतात. तुम्ही ज्याच्या मागे निघाला आहात, तो त्यांच्यातला एक.

१९ एप्रिल १९९८. जुनं वेम्बली. ते दोन पांढरे मनोरे डोळे भरून पाहून घ्या, आणखी पाच वर्षांनी ते पाडले जाणार आहेत. तुमच्याभोवती साठ हजारांहून जास्त माणसं आहेत. खालच्या दोन डिव्हिजनांतल्या क्लबांसाठी एक चषक असतो, त्याची ही अंतिम लढत. बोर्नमथविरुद्ध ग्रिम्सबी. सव्वा वर्षापूर्वी बोर्नमथ क्लब दिवाळखोरीच्या उंबरठ्यावर होता आणि गावकऱ्यांनी बादल्यांतून पैसे गोळा करून तो वाचवला होता. म्हणून इथे आलेला प्रत्येक बोर्नमथकर आज स्वतःच्या घरचं कार्य असल्यासारखा सजून आला आहे. बोर्नमथ आघाडीवर आहे. उत्तरार्धात ग्रिम्सबीचा हल्ला येतो, चेंडू रेषेच्या आत जातो आणि नोंद होते: ग्लास, स्वयंगोल. जादा वेळेत ग्रिम्सबी गोल्डन गोल मारतं आणि सामना जागीच संपतो.

ग्लासकडे पाहा. आयुष्यात एकदा वेम्बलीवर खेळायला मिळालं, आणि तिथल्या नोंदीत त्याचं नाव राहिलं ते असं.

त्याच उन्हाळ्यात तो स्विंडनला जातो. एक पायरी वरचा क्लब. पण हंगामात लीगचे अकरा सामने खेळून जागा जाते. मार्च सरतो आणि खेळाडूंच्या देवघेवीची मुदतही सरते. आता मे महिन्यापर्यंत बाकावर बसायचं.

त्याच सुमारास दूर उत्तरेला, स्कॉटलंडच्या सीमेलगत, कार्लाइल युनायटेडमध्ये गोंधळ माजला आहे. नेहमीचा गोलकीपर टोनी केग ब्लॅकपूलला विकला गेला. त्याच्या जागी डर्बीहून उसना आणलेला मुलगा परत गेला. क्लब चौथ्या पायरीच्या तळाशी आहे आणि गोलमध्ये उभं राहायला माणूस नाही. मुदत उलटून गेली, तरी केवळ अडचण ओळखून लीगने खास परवानगी दिली. स्विंडनचा बाकावरचा गोलकीपर काही आठवड्यांपुरता घ्या. ग्लासने बॅग भरली आणि सुमारे साडेचारशे किलोमीटर उत्तरेला गेला. त्याच्या वाट्याला सामने येणार तीन.

८ मे १९९९, शनिवार. तिसऱ्या सामन्याचा दिवस. तुम्ही वॉरविक रोडवरून ब्रंटन पार्ककडे, म्हणजे कार्लाइलच्या मैदानाकडे, चालत आहात. पुढे कधी आलात, तर दाराबाहेर ह्यूई मॅकिलमॉयल या जुन्या फॉरवर्डचा पुतळा दिसेल. आज तो नाही, यायला सहा वर्षं आहेत. निळे शर्ट, निळे स्कार्फ. ज्यांच्या कोटाच्या खिशातून ट्रान्झिस्टरची वायर कानापर्यंत गेली आहे, त्यांच्या जवळपास राहा. आजच्या दिवशी त्यांच्याइतकी मोलाची माणसं या मैदानात नाहीत.

पॅडॉकमध्ये, म्हणजे उभ्याने सामना बघायच्या पायऱ्यांवर, जागा धरा. शेजारचे आजोबा तुम्हाला गणित समजावतील. तळाचा क्लब लीगबाहेर जाणार. कार्लाइल तळाला आहे आणि यॉर्कशरच्या किनाऱ्यावरचं स्कारबरो एका गुणाने पुढे. कार्लाइलला स्कारबरोपेक्षा सरस निकाल हवा. हरलो किंवा दोघेही सारखेच राहिलो, तर १९२८ पासून एकदाही न सोडलेली लीग आज सुटणार. हेच आजोबा तुम्हाला सांगतील की पुढे मॅनेजर म्हणून गाजलेला बिल शँकली इथे खेळला आणि इथेच पहिल्यांदा मॅनेजर झाला. १९७४ च्या ऑगस्टमध्ये, तीन सामन्यांनंतर, हाच क्लब सगळ्या इंग्लंडच्या वर, पहिल्या डिव्हिजनच्या शिखरावर होता, हेही सांगतील. ऐकून घ्या. पाहुण्याला आपलं वैभव सांगताना माणूस आपली भीती लपवत असतो.

समोर प्लायमथ आर्गाइल. पूर्वार्धात गोल नाही. उत्तरार्धाच्या सुरुवातीलाच प्लायमथचा ली फिलिप्स गोल करतो आणि पॅडॉकमधला आवाज एकदम बसतो. मग बचावपटू डेव्हिड ब्राइटवेल लांबून एक फटका मारतो आणि तो थेट जाळ्यात जातो. १-१. ट्रान्झिस्टरवाले सांगतात, तिकडेही १-१ आहे. बरोबरी दोन्हीकडे, म्हणजे कार्लाइल बुडालं.

पुढचा अर्धा तास तुम्ही सामना बघत नाही, घड्याळ बघता. नव्वद मिनिटं संपतात. भरपाईची वेळ सुरू होते. तेवढ्यात ट्रान्झिस्टरवाल्यांचे चेहरे पडतात. स्कारबरोचा सामना संपला. बरोबरीच. क्षणभर तिकडेही जाऊन या. समुद्राकाठच्या त्या छोट्या मैदानावर लोक आत धावले आहेत, एकमेकांना मिठ्या मारत आहेत, आणि कार्लाइलच्या शेवटच्या शिट्टीची वाट बघत आहेत. १९८७ मध्ये खालून थेट बढती मिळवून लीगमध्ये आलेला पहिला क्लब म्हणजे स्कारबरो. त्यांना वाटतंय, आपण वाचलो. तसं वाटायला पूर्ण कारण आहे.

परत या. लवकर. ब्रंटन पार्कवर कॉर्नर मिळाला आहे आणि रेफ्री घड्याळाकडे बघतोय. लाल जर्सीतला गोलकीपर आपला गोल मोकळा टाकून पुढे धावत सुटला आहे. शंभर मीटरभर लांबीचं मैदान, आणि तो शेवटपर्यंत न थांबता धावतो. तुमच्या शेजारचे आजोबा डोळ्यांवर हात धरतात.

ग्रॅहम अँथनी कॉर्नर घेतो. चेंडू आत वळतो. स्कॉट डोबी उंच उडी घेऊन हेडर मारतो. प्लायमथचा गोलकीपर डंजी चेंडू अडवतो, पण हातात धरू शकत नाही. चेंडू सुटून जमिनीकडे येतो तो नेमका लाल जर्सीच्या पुढ्यात. आयुष्यभर दुसऱ्यांचे फटके अडवलेला माणूस उजवा पाय फिरवतो. जाळं हलतं.

मग काय झालं, हे तुम्ही पाहत नाही, तुम्ही त्यात वाहून जाता. पायऱ्या रिकाम्या होतात, गवत निळं होतं. ग्लास माणसांच्या ढिगाऱ्याखाली दिसेनासा होतो. रेडिओ कंब्रियाचे डेरेक लेसी माइकमध्ये त्याचं नाव पुन्हा पुन्हा ओरडत आहेत. मैदान मोकळं करून खेळ पुन्हा सुरू होतो तो जेमतेम काही सेकंद. शिट्टी वाजते. कार्लाइल ४९ गुण, स्कारबरो ४८.

या जागी बहुतेक जण गोष्ट थांबवतात. तुम्ही थांबू नका, कारण मला जे सांगायचं आहे ते पुढेच आहे.

त्या उन्हाळ्यात ग्लास कार्लाइलमध्ये राहिला नाही. उसनवारी संपली, तो स्विंडनला परतला. मग केंब्रिज, ब्रेंटफर्ड, ऑक्सफर्ड. या तिन्हीकडे मिळून अगदी मोजके सामने. त्याच्या मागे २००१ पर्यंत चला. सत्तावीस वर्षांचा गोलकीपर म्हणजे उमेदीतला गोलकीपर. या वयात हात आणि अंदाज एकमेकांना नुकते ओळखू लागतात. पण मागणी नव्हती. तो खेळ सोडतो आणि पुढे डॉर्सेटमध्ये टॅक्सी चालवतो. मागच्या सीटवर बसलेल्या एखाद्या प्रवाशाने त्याला ओळखलं, तर बोलणं अर्थात त्या एका गोलाचं.

स्कारबरोचंही बघून घ्या. आठ वर्षं कर्जाशी झगडून २००७ मध्ये तो क्लब बंद पडला. कार्लाइल २००४ मध्ये शेवटी लीगबाहेर गेलंच, वर्षभरात परतलं, आणि २०२५ मध्ये पुन्हा बाहेर गेलं. म्हणजे त्या गोलाने कायमचं काही वाचवलं नाही. त्याने पाच वर्षं दिली. पाच वर्षं म्हणजे किती, हे पॅडॉकमधल्या आजोबांना विचारा. पाच हंगाम, नातवाचा हात धरून मैदानावर नेलेले कितीतरी शनिवार.

फुटबॉलमध्ये निष्ठेचं फार कौतुक होतं. एकाच क्लबात आयुष्य काढणारा खेळाडू, गावात जन्मून गावासाठीच खेळलेला खेळाडू, यांच्या नावाने स्टँड उभे राहतात, आणि ते योग्यच आहे. पण ब्याण्णव क्लबांचा हा सारा डोलारा ज्यांच्या खांद्यावर उभा आहे, ते बहुतेक जण बॅग भरून आलेले असतात. त्यांना त्या गावच्या गल्ल्या माहीत नसतात, तिथलं गाणं पाठ नसतं, जूननंतर आपण इथे असू की नाही याचा भरवसा नसतो. तरीही शनिवारी तीन वाजता ते त्या गावाचा रंग अंगावर चढवतात आणि जीव तोडून खेळतात. ग्लासला कार्लाइलशी कसलंच जन्माचं नातं नव्हतं. क्लब लीगबाहेर गेला असता, तरी सोमवारी त्याची नोकरी स्विंडनलाच होती. तो धावला, कारण त्या दिवशी ते काम त्याचं होतं. परक्याचं काम आपलं मानून शेवटच्या सेकंदापर्यंत करणं, ही मला जन्मजात निष्ठेपेक्षा तसूभरही कमी वाटत नाही.

म्हणून त्याच्या आयुष्याकडे ‘एक क्षण चमकला आणि विझला’ असं पाहणं मला पटत नाही. मार्टिनच्या मागे उभं राहून झेललेले चेंडू, बोर्नमथचे नव्वदहून जास्त सामने, वेम्बलीवरचा स्वयंगोल, स्विंडनचा बाक, हे सगळं वजा केलं तर आठ मेला कॉर्नरसाठी धावणारा माणूसच उरत नाही. वर्षभरापूर्वी साठ हजारांसमोर स्वतःच्याच नावावर गोल चढलेला माणूस पुन्हा स्वतःला लोकांच्या नजरेसमोर उभं करतो. हे धैर्य त्या शनिवारी आकाशातून पडलं नव्हतं. ते पोटापाण्यासाठी केलेल्या भटकंतीत कमावलेलं होतं.

आता एक शेवटचा मुक्काम. पुन्हा बोर्नमथ, पण या वेळी प्रीमियर लीगमधलं. ग्लास तिथे परतला, खेळाडूंना साहाय्य करणारा अधिकारी म्हणून. परदेशातून वा परगावातून नवा खेळाडू आला की त्याला घर, मुलांची शाळा, बँक, डॉक्टर हे सगळं बघून द्यायचं. यादीत नाव नसल्याने गाव सोडावं लागणं म्हणजे काय, हे जाणणारा माणूस दुसऱ्याचं बस्तान बसवून देऊ लागला. त्याच्या आयुष्यातलं एकच दृश्य जपून ठेवायचं असेल, तर जग ब्रंटन पार्कचा गोल निवडेल. मी या कामाला त्या गोलाच्या शेजारी, अगदी बरोबरीने जागा देईन.