पेटंट, पिंपरी आणि औषधविद्या

'पेटंट' ह्या शब्दाची आमच्याकडे मोठी गमतीची दैना झालेली आहे. जुन्या वर्तमानपत्रांतील जाहिराती ज्यांनीं चाळल्या असतील त्यांस 'पेटंट औषध' म्हणजे ज्याची कृति कोणासहि ठाऊक नाहीं असें बाटलींतलें रहस्य, हाच अर्थ परिचित असेल. मूळ लॅटिन शब्दाचा अर्थ नेमका उलट, म्हणजे 'उघडें असणें' असा आहे. इंग्लंडच्या राजाचें जें आज्ञापत्र मोहोर न फोडतां कोणासहि वाचतां येई, तें खुलें पत्र म्हणजे पेटंट. आपल्या सनदेशीं त्याचें नातें जवळचें आहे. ह्या सनदेच्या पोटांत एक करार असतो. शोधकानें आपली विद्या लोकांपुढें मांडावी, सरकारनें त्याबद्दल त्यास ठराविक वर्षांचा मक्ता द्यावा, आणि मुदत सरतांच ती विद्या सर्वांची व्हावी. वैद्यानें आपली खास मात्रा अंतकाळीं मुलाच्या कानांत सांगावी, आणि मुलगा जवळ नसल्यास ती त्याच्याबरोबरच चितेवर जावी, असें जेथें घडत आलें तेथें ह्या कराराचें मोल सहज कळण्यासारखें आहे. म्हणून पेटंट म्हणजे केवळ धनिकांची लबाडी, असें म्हणणाऱ्यांच्या पंक्तीस आम्ही बसत नाहीं. आमचा प्रश्न निराळा आहे. ह्या करारांत हिंदुस्थानानें मक्ता दिला, हें खरें. पण विद्या त्याच्या पदरांत पडली काय?

आमच्या देशांत हा कायदा १८५६ सालीं आला. पहिला अर्ज कलकत्त्याच्या जॉर्ज आल्फ्रेड डी पेनिंग ह्या इंजिनियराचा, पंखा ओढण्याच्या यंत्राबद्दलचा होता. साहेबाच्या घामापासून आमच्या पेटंटच्या इतिहासास प्रारंभ व्हावा, हें एकंदर कालमानास धरूनच झालें! पुढें १९११ चा कायदा झाला. त्यांतील मक्त्याची मुदत १४ वर्षांची होती, ती १९३० मध्यें १६ करण्यांत आली. औषध आणि कुलूप ह्यांत तो कायदा फारसा भेद करीत नसे.

स्वातंत्र्य मिळाल्यावर ह्या कायद्याची दोनदां झडती घेण्यांत आली. पहिली १९४८ मध्यें नेमलेल्या बक्षी टेकचंद समितीनें घेतली, आणि दुसरी, अधिक खोल, न्यायमूर्ति राजगोपाल अय्यंगार ह्यांनीं. अय्यंगारांचा अहवाल १९५९ च्या सप्टेंबरांत सादर झाला. कायद्यावरील सरकारी अहवाल वाचणें हें सामान्यतः पुण्यकर्म नव्हे, शिक्षाच असते. परंतु हा अहवाल त्यास अपवाद आहे. त्यांत दाखविलें आहे कीं, हिंदुस्थानांतील पेटंटांपैकीं शेंकडा ८० ते ९० परकीयांच्या हातीं होतीं, आणि परकीयांच्या ह्या पेटंटांपैकीं शेंकडा ९० हून अधिक येथें कधीं वापरांतच आणलीं गेलीं नव्हतीं. ह्याचा अर्थ असा कीं, सनद घेतली ती येथें कारखाना घालण्यासाठीं नव्हे, तर दुसऱ्या कोणीं तो घालूं नये म्हणून. माल बाहेरून यावयाचा, आणि त्याचा भाव सनदेच्या मालकानें ठरवावयाचा. त्याच सुमारास अमेरिकेच्या सेनेटमध्यें केफॉव्हर ह्यांच्या समितीपुढें औषधांच्या किंमतींची चौकशी चालली होती. तींत कांहीं प्रतिजैविकांचा भाव जगांत सर्वांत चढा असलेल्या देशांत हिंदुस्थानाची गणना झाली. ज्या देशाची माणशीं मिळकत तळाशीं, त्यानें औषधास सर्वांत जास्त दाम मोजावे, ह्यास व्यापार म्हणतां येईल, करार म्हणतां येणार नाहीं.

अय्यंगारांनीं उपाय सुचविला तो कांहीं नवा नव्हता. जर्मनीच्या १८७७ च्या कायद्यांत औषधाच्या पदार्थावर मक्ता मिळत नसे, तो केवळ तें तयार करण्याच्या पद्धतीवर मिळे. एका पद्धतीवर एकाचा हक्क असला तरी त्याच पदार्थाप्रत दुसऱ्या वाटेनें पोंचण्यास रसायनशास्त्रज्ञ मोकळे असत, आणि जर्मनांची रसायनविद्या वाढली ती ह्या मोकळीकींतच. जर्मनीनें औषधाच्या पदार्थास पेटंट देण्यास १९६८ पासून सुरुवात केली, जपानानें १९७६ मध्यें, स्वित्झर्लंडनें १९७७ मध्यें. इटलींत तर १९७८ पर्यंत औषधांस पेटंटच नव्हतें. पुढें ह्याच देशांच्या प्रतिनिधींनीं पूर्वेकडील राष्ट्रांस बौद्धिक संपत्तीच्या पावित्र्यावर प्रवचनें द्यावीं, हा इतिहासाचा विनोद आहे.

जुन्या कायद्याचा जाच कसा होता, हें मुंबईच्याच एका खटल्यावरून दिसतें. टॉलब्युटामाइड हें मधुमेहावरील औषध. त्याची सनद हेक्स्ट ह्या जर्मन कंपनीकडे होती. मुंबईच्या हाफकिन संस्थेंत तें करण्याची निराळी कृति निघाली, आणि त्या कृतीच्या आधारें युनिकेम ह्या देशी कंपनीनें तें करावयास घेतलें. परंतु हेक्स्टच्या सनदेचें जाळें इतकें रुंद विणलेलें होतें कीं, ही नवी वाटहि त्यांतच अडकली. १९६८ मध्यें मुंबईच्या उच्च न्यायालयानें निकाल हेक्स्टच्या बाजूनें दिला. न्यायाधीशांस दोष देण्यांत अर्थ नाहीं. कायदाच तसा होता. दोन वर्षांनीं, १९७० सालीं नवा कायदा संमत झाला आणि २० एप्रिल १९७२ पासून अंमलांत आला. औषध व अन्न ह्यांच्या पदार्थावर मक्ता बंद झाला. पद्धतीवरील मक्ता सनद मिळाल्यापासून पांच किंवा अर्जापासून सात वर्षें, ह्यांपैकीं जी मुदत कमी तिच्यापुरताच उरला.

येथवरची कथा पुष्कळांस ठाऊक असते, आणि बहुतेक लेखक येथेंच थांबतात: कायदा बदलला, औषधें स्वस्त झालीं, इति. आम्हांस हें अर्धेंच वाटतें. मनाईहुकूम उठला म्हणून कोणास स्वयंपाक येऊं लागत नाहीं. अय्यंगारांचा अहवाल येण्याच्या पांच वर्षें आधीं पुण्याजवळ पिंपरीस जें घडलें तें ह्या दृष्टीनें पाहिलें पाहिजे.

पेनिसिलिनवर ऑक्सफर्डच्या मंडळींनीं सनद घेतली नव्हती. त्यांचे निबंध १९४० व १९४१ सालीं छापून निघाले आणि जगास वाचावयास मोकळे झाले. पण तेवढें वाचून पेनिसिलिन होत नाहीं. ज्या घरांत रोज विरजण लागतें तेथील गृहिणीस ह्याचें कारण सांगावें लागणार नाहीं: दूध कोणतें, ऊब किती, भांडें कसें, हें पुस्तकांत कितीहि लिहिलें तरी दहीं हातालाच लागतें. पेनिसिलिनची बुरशी प्रचंड बंद टाक्यांत, निर्जंतुक हवेच्या अखंड पुरवठ्यावर पोसावी लागते. एखादा परका जंतु आंत शिरला कीं हजारों लिटरांचा सबंध घाणा नासतो. अमेरिकेंत पिओरिया येथील सरकारी प्रयोगशाळेनें मक्याचा कढ वापरून आणि एका खरबुजावरची जोमदार बुरशी निवडून हें तंत्र बसविलें, आणि तेथील पद्धतींवर सनदाहि काढण्यांत आल्या. पदार्थ मोकळा होता. कसब मोकळें नव्हतें.

पिंपरीस १९५४ मध्यें जागतिक आरोग्य संघटना व युनिसेफ ह्यांच्या साहाय्यानें हिंदुस्थान अँटिबायॉटिक्स हा सरकारी कारखाना निघाला, आणि पुढल्याच वर्षीं तेथें उत्पादन सुरू झालें. ह्या मदतींत यंत्रें आलींच. पण खरी कमाई म्हणजे तीं चालविणारीं माणसें तयार झालीं, ही. पुढें तेथल्याच शास्त्रज्ञांनीं, तिरुमलाचार ह्यांच्या नेतृत्वाखालीं, पिंपरीच्या मातींतून एक जीवाणु वेगळा केला, त्यास पिंपरीचेंच नांव दिलें, आणि त्यापासून हॅमायसिन हें बुरशीच्या रोगांवरील औषध काढलें. शिकलेला हात स्वतःहून कांहीं करूं लागतो तो असा.

रशियनांच्या मदतीनें हैदराबाद व हृषीकेश येथें उभ्या राहिलेल्या सरकारी कारखान्यांची हिशेबवही कधींच देखणी नव्हती. नफातोट्याच्या भाषेंत त्यांची निंदा करणें सोपें आहे. परंतु खासगी औषधधंद्याचीं माणसें कोठून आलीं, ह्याचा शोध घ्यावा. अंजी रेड्डी ह्यांनीं पुण्याच्या राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेंत डॉक्टरेट मिळविली, हैदराबादच्या सरकारी कारखान्यांत नोकरी केली, आणि १९८४ मध्यें स्वतःची कंपनी काढली. हें एकच उदाहरण नव्हे. १९७० च्या कायद्यानें वाट मोकळी केली तेव्हां तीवरून चालणारे पाय आधींच तयार होत होते, म्हणूनच त्या कायद्यास फळ आलें.

त्या फळाची चव २००१ च्या फेब्रुवारींत जगास कळली. ख्वाजा अब्दुल हमीद ह्यांनीं १९३५ मध्यें मुंबईस स्थापिलेल्या सिप्ला कंपनीनें एड्सवरील तीन औषधांचा संच मेदसँ सां फ्रॉन्तिएर ह्या डॉक्टरांच्या संस्थेस वर्षाकांठीं माणशीं ३५० डॉलरांत देऊं केला. पाश्चात्य बाजारांत तोच उपचार १०,००० डॉलरांच्या वर होता. तेवढ्या वेळांत दक्षिण आफ्रिकेंत ३९ औषधकंपन्या तेथील सरकारच्या औषधविषयक कायद्याविरुद्ध न्यायालयांत उभ्या होत्या. एप्रिलांत त्यांनीं दावा मागें घेतला.

परंतु जगाच्या व्यापाराचे नवे नियम १९९५ पासून लागूं झाले होते, आणि त्यांप्रमाणें १ जानेवारी २००५ पासून भारतास औषधाच्या पदार्थावर पुन्हा मक्ता द्यावा लागला. आमच्या संसदेनें त्यांतहि कांहीं कुंपणें राखलीं. जुन्याच औषधाचें रूप पालटून, गुण न वाढवितां, नवी सनद मागतां येऊं नये, असें एक कलम घातलें. त्याच कलमाच्या बळावर २०१३ मध्यें सर्वोच्च न्यायालयानें नोव्हार्टिसच्या कर्करोगावरील ग्लिव्हेकची मागणी फेटाळली. २०१२ मध्यें मुंबईच्या पेटंट कचेरीनें बायरच्या नेक्सावारवर नॅट्को कंपनीस सक्तीचा परवाना दिला. महिन्यास २,८०,००० रुपयांचें औषध ८,८८० रुपयांस मिळूं लागलें. तेव्हांपासून तसा दुसरा परवाना मात्र दिला गेलेला नाहीं.

ह्यावर जो आक्षेप घेतला जातो तो उडवून लावण्याजोगा नाहीं. नव्या औषधाच्या शोधास अपार खर्च येतो, तो कोणीं सोसावयाचा? आमच्या कंपन्या अनुकरणांत प्रवीण झाल्या, पण सर्वस्वीं नवीं अशीं औषधें त्यांच्या हातून थोडींच निघालीं, हें कबूल केलेंच पाहिजे. मात्र ह्या आक्षेपांत असें गृहीत धरलेलें असतें कीं, मक्त्याच्या बदल्यांत विद्या मिळतेच. अलीकडची साक्ष त्याच्या विरुद्ध आहे. मॉडर्ना कंपनीनें ऑक्टोबर २०२० मध्यें जाहीर केलें कीं, साथ चालूं असतां आपल्या लशीचीं पेटंटें आपण बजावणार नाहीं. लस करण्याचें कसब मात्र तिनें दिलें नाहीं. जागतिक आरोग्य संघटनेनें केप टाउन येथें काढलेल्या केंद्रांतील आफ्रिजेनच्या शास्त्रज्ञांनीं प्रसिद्ध झालेल्या माहितीवरून, स्वतः चांचपडत, २०२२ च्या आरंभीं प्रयोगशाळेपुरती तशी लस तयार केली. तोंवर साथीचा मोठा भर ओसरत आला होता.

आणि पिंपरी? पेनिसिलिनवर आज जगांत कोणाचाहि मक्ता नाहीं. तरी चिनी मालाच्या स्वस्ताईपुढें भारतांतील मूळ पेनिसिलिनचे कारखाने एकामागून एक बंद पडले, पिंपरीच्या टाक्याहि थांबल्या, आणि अनेक वर्षें आम्ही तो कच्चा माल चीनमधून आणीत राहिलों. सरकारी उत्तेजनानें आंध्रांत काकिनाड्याजवळ खासगी कारखान्यांत तें उत्पादन पुन्हा सुरू झालें तें २०२४ मध्यें.