नळाचे पाणी : घरातील सुरक्षितता

सार्वजनिक पुरवठ्याचे पाणी दूषित झाल्याची शंका असताना घरात घ्यायची खबरदारी आणि तिच्यामागची कारणे हा या नोंदीचा विषय आहे. दूषित म्हणजे येथे प्रामुख्याने मैलापाण्यातून आलेल्या जंतूंनी दूषित. पटकी, विषमज्वर, हगवण, गॅस्ट्रो, कावीळ हे सारे रोग त्याच वाटेने येतात. फ्लोराइड, नायट्रेट यांसारख्या विरघळलेल्या द्रव्यांचा प्रश्न वेगळा असून त्याचा उल्लेख पुढे ओघाने येईल. या विषयात एक समज घरोघरी पक्का झाला आहे, तो म्हणजे पाणी एकदा शुद्ध झाले की शुद्धच राहते. प्रत्यक्षात आपल्याकडचे नळाचे पाणी बऱ्याचदा शुद्ध झाल्यानंतरच बिघडते. आधी जलवाहिनीत, मग इमारतीच्या टाकीत आणि शेवटी स्वयंपाकघरातल्या पिंपात. म्हणून पाणी पिण्याच्या शक्य तितके जवळ ते निर्जंतुक करणे, आणि त्यानंतर ते पुन्हा बिघडू न देणे, ही दोन्ही कामे सारखीच महत्त्वाची मानली पाहिजेत. पहिल्यासाठी यंत्रे विकत घेतली जातात, दुसऱ्याकडे मात्र फारसे कोणी पाहत नाही.

जलशुद्धीकरण केंद्रात तुरटीने गाळ बसवतात, पाणी वाळूच्या थरांतून गाळतात आणि त्यात क्लोरिन मिसळतात. केंद्र नीट चालत असेल तर तेथून निघणारे पाणी पिण्याजोगे असते. पुढचा प्रश्न दाबाचा आहे. वाहिनी पाण्याने भरलेली आणि दाबाखाली असेल तर तिला पडलेल्या भेगेतून पाणी बाहेर जाते, बाहेरची घाण आत येत नाही. महाराष्ट्रातील बहुतेक गावांत आणि शहरांत मात्र नळाला पाणी दिवसातून काही तासच येते. मराठवाड्यातल्या कित्येक शहरांत तर ते काही दिवसांच्या अंतराने येते. व्हॉल्व्ह बंद झाला की वाहिनी रिकामी होऊ लागते, तिच्यात हवेचा दाब कमी होतो आणि जी भेग पाणी गमावत होती तीच भोवतालचा ओलावा आत ओढू लागते. जुन्या वस्तीत हा ओलावा कशाचा असतो हे गल्लीत उभे राहून पाहता येते. घरजोडणीची गंजलेली लोखंडी नळी उघड्या गटारातून आडवी गेलेली असते, सांध्याला सुतळी आणि प्लॅस्टिकची पट्टी गुंडाळलेली असते आणि पाणी नसते तेव्हा तो सांधा गटाराच्या पाण्यात बुडालेला असतो. त्यात भर पडते ती नळाला थेट लावलेल्या मोटारीची. कमी दाबाने येणारे पाणी मोटार खेचून घेते, तेव्हा पुरवठा चालू असतानाही वाहिनीत ओढ निर्माण होते. मोटार लावणारा शेजाऱ्याचे पाणी पळवतो ही तक्रार जुनी आहे. तो सगळ्या गल्लीच्या नळात गटार ओढतो, ही तक्रार त्याहून गंभीर आहे.

हे केवळ तर्काने सांगितलेले नाही. कर्नाटकातील हुबळी-धारवाडमध्ये शहराच्या काही प्रभागांना अखंड आणि बाकीच्यांना काही दिवसांच्या अंतराने पाणी मिळत असे. एमिली कंपेल आणि कारा नेल्सन यांनी दोन्हीकडच्या नळांचे नमुने तपासून २०१३ साली निष्कर्ष प्रसिद्ध केले. विष्ठेच्या संसर्गाची खूण मानला जाणारा ई. कोलाय हा जिवाणू अखंड पुरवठ्याच्या एक टक्क्याहूनही कमी नमुन्यांत सापडला, तर खंडित पुरवठ्याच्या सुमारे ३२ टक्के नमुन्यांत. शहर एकच होते. मुख्य फरक पुरवठ्याच्या पद्धतीचा होता. नळाला पाणी आल्यावरच्या पहिल्या धारेत आणि दाब कमी असतानाच्या पाण्यात जंतू अधिक असतात, हेही याच संशोधकांच्या पुढच्या अभ्यासात दिसले. त्यावरून घरासाठी एक साधा नियम निघतो. पाणी आल्यावर पहिली काही मिनिटे पिण्याचे पाणी भरू नये. पाणीटंचाईच्या गावात हे सांगणे निर्दयपणाचे वाटेल, पण ते पाणी फेकायचे नाही. बादलीत धरून फरशी, संडास, झाडे यांसाठी वापरायचे आहे.

केंद्रावरचे क्लोरिन वाढवले म्हणजे काम भागले, असे अधिकाऱ्यांना आणि नागरिकांनाही वाटते. दिल्लीच्या १९५५-५६ च्या साथीने या विश्वासाला कायमचा धक्का दिला आहे. यमुनेच्या पुरानंतर नदीचा प्रवाह सरकला आणि नजफगड नाल्याचे मैलापाणी वझीराबादच्या उपशाच्या जागेपर्यंत मागे आले. केंद्रावर धोका लक्षात आला आणि क्लोरिनची मात्रा वाढवली गेली. विषमज्वर आणि हगवण वाढली नाही, म्हणजे जिवाणूंचा बंदोबस्त झाला होता. पण काही आठवड्यांनी शहरात सुमारे २९ हजार लोकांना कावीळ झाली. गढूळ पाण्यात विषाणू कणांच्या आडोशाने तगून राहिले होते. साठवून ठेवलेल्या रक्तनमुन्यांच्या तपासणीतून ही कावीळ हिपॅटायटिस ए ची नव्हती हे १९८० साली स्पष्ट झाले. या कामात पुण्याच्या राष्ट्रीय विषाणू संस्थेतील संशोधकांचा वाटा होता. त्या रोगाला आता हिपॅटायटिस ई म्हणतात. २०१२ साली इचलकरंजीत हजारो लोकांना झालेली कावीळ त्याच विषाणूची होती. भारतीय मानक १०५०० मध्ये नळाच्या पाण्यात लिटरला किमान ०.२ मिलिग्रॅम शिल्लक क्लोरिन सांगितले आहे आणि विषाणूंपासून संरक्षण हवे असेल तेव्हा ०.५ मिलिग्रॅम. गढूळपणाची स्वीकार्य मर्यादा तेथे १ एकक आहे. हे आकडे एकत्र वाचावे लागतात, कारण पाणी गढूळ असेल तर क्लोरिनचा आकडा एकटा फारसे काही सांगत नाही.

हिपॅटायटिस ई चा अधिशयनकाळ, म्हणजे विषाणू पोटात गेल्यापासून लक्षणे दिसेपर्यंतचा काळ, दोन ते दहा आठवडे असतो. विषमज्वराला एक ते चार आठवडे लागू शकतात. म्हणजे रुग्ण दवाखान्यात येतो तेव्हा ज्या पाण्याने तो आजारी पडला ते पाणी केव्हाच वाहून गेलेले असते आणि त्या दिवशीचा नमुना निर्दोष निघू शकतो. ‘आमच्या गल्लीत कोणी आजारी नाही’ हा म्हणूनच पाणी चांगले असल्याचा पुरावा होत नाही. ‘आम्ही वर्षानुवर्षे हेच पितो, आम्हाला बाधत नाही’ हा दुसरा आक्षेप. ज्यांना बाधले ते त्या वाक्याच्या हिशेबात नसतात, हा त्यातला पहिला दोष. आणि घरातल्या सर्वांची सहनशक्ती सारखी नसते, हा दुसरा. तान्ह्या बाळाला जुलाबाने काही तासांत शोष पडतो. गरोदरपणाच्या शेवटच्या तीन महिन्यांत हिपॅटायटिस ई झाल्यास २० ते २५ टक्के स्त्रिया दगावू शकतात. घरात असे कोणी असेल तर नळाच्या पाण्याविषयीचा निर्णय धडधाकट माणसाच्या पोटावरून करू नये.

शंका केव्हा घ्यावी? पाण्याला गटाराचा वास, रंगात बदल, तळाशी गाळ ही उघड लक्षणे. रस्ता खोदला गेला, वाहिनी फुटली, बरेच दिवस पाणी बंद होते, पूर येऊन गेला, शेजारच्या दोन-तीन घरांत एकदम जुलाब सुरू झाले, या घटना पाणी स्वच्छ दिसत असले तरी पुरेशा आहेत. खेड्यात ग्रामपंचायतीचा जलसुरक्षक ओटी चाचणी करतो : काचनळीत नळाचे पाणी घेऊन ऑर्थोटोलिडीनचे थेंब टाकले की क्लोरिन असल्यास पिवळा रंग येतो. रंग आला नाही, तर पाण्याला वाटेत कोणतेच संरक्षण उरलेले नाही. ग्वाल्हेरच्या संरक्षण संशोधन संस्थेत मांजा आणि सहकाऱ्यांनी १९८२ साली मांडलेली एच-टू-एस कुपीची चाचणी आणखी सोपी आहे. कुपीत पाणी भरून एक-दोन दिवस उबदार जागी ठेवायचे. पाणी काळे पडले तर विष्ठेच्या संसर्गाचा संशय बळावतो. पण निकाल येईपर्यंत थांबायचे नसते. शंका आली त्याच दिवशी पाणी उकळायला लागावे.

उकळणे हा सर्वांत खात्रीचा उपाय आहे, कारण त्यात जिवाणू, विषाणू आणि क्लोरिनला दाद न देणारे परजीवी हे सगळेच मरतात. अमेरिकेत मिलवॉकी शहरात १९९३ साली सुमारे चार लाख लोकांना आजारी पाडणारा क्रिप्टोस्पोरिडियम हा परजीवी याच जातीचा. पाणी वीस मिनिटे उकळत ठेवावे असे अनेक घरांत सांगितले जाते. त्याची गरज नाही. खळखळून उकळी फुटल्यावर एक मिनिट पुरते, कारण जंतू ७० अंशांच्या आसपासच वेगाने मरू लागतात आणि उकळी ही फक्त ते तापमान ओलांडल्याची डोळ्यांना दिसणारी खूण असते. महाबळेश्वरच्या उंचीवर पाणी सुमारे ९५ अंशांना उकळते, तेही पुरेसे आहे. वीस मिनिटांच्या सल्ल्याने गॅस जातो आणि खर्चाला कंटाळून माणसे उकळणेच सोडतात, हे त्याचे खरे नुकसान. मात्र उकळल्याने नायट्रेट, फ्लोराइड जात नाहीत. पाणी आटते तशी त्यांची तीव्रता उलट वाढते. यवतमाळ, चंद्रपूरच्या फ्लोराइडयुक्त भूजलाला उकळणे हे उत्तर नाही, तेथे पाण्याचा स्रोतच बदलावा लागतो.

इंधन परवडत नसेल, पुराच्या छावणीत असाल किंवा पाणी खूप लागत असेल, तर क्लोरिन हा दुसरा मार्ग. आरोग्य सेवक वाटतात त्या मेडिक्लोरच्या बाटलीवरचे प्रमाण पाळावे, झाकून अर्धा तास थांबावे आणि मगच प्यावे. सोसायटीच्या टाकीसाठी टीसीएल (ब्लीचिंग) पावडर वापरतात. ताज्या पावडरीत ३३ टक्क्यांच्या आसपास क्लोरिन असते, म्हणून हजार लिटरला पाच ग्रॅम टाकल्यास लिटरमागे दीड मिलिग्रॅमहून थोडे अधिक पडते. पावडर कोरडी टाकू नये. बादलीत थोड्या पाण्यात खल करून मग पाणी वाढवावे, दहा मिनिटे निवळू द्यावे, वरचे निवळ पाणी टाकीत ओतावे आणि तळाचा चुना टाकून द्यावा. उघड्या पोत्यातली, दमट खोलीत वर्षभर पडलेली पावडर पांढरी दिसते पण तिच्यातले क्लोरिन उडून गेलेले असते. ग्रामपंचायतींचे कितीतरी निर्जंतुकीकरण याच कारणाने कागदावर राहते. क्लोरिनच्या वासाविषयी आणि त्यातून तयार होणाऱ्या, कर्करोगाशी जोडल्या गेलेल्या उपपदार्थांविषयी आक्षेप घेतला जातो. तो खोटा नाही, पण अशा उपपदार्थांचा धोका अपुऱ्या निर्जंतुकीकरणाच्या धोक्यापुढे अत्यंत अल्प आहे, असे जागतिक आरोग्य संघटनेचे स्पष्ट मत आहे. वास भांडे थोडा वेळ ठेवले की कमी होतो.

आरओ यंत्राबद्दल स्पष्ट लिहिणे भाग आहे. ते विरघळलेले क्षार काढण्यासाठी आहे. नदी-धरणाच्या पाण्यात क्षार सहसा लिटरला ५०० मिलिग्रॅमच्या आत असतात, तेथे त्याची गरज नसते. राष्ट्रीय हरित लवादाने २०१९ साली अशा ठिकाणी त्यावर बंदी घालण्यास सांगितले ते पाण्याच्या प्रचंड नासाडीमुळे. यंत्रातला कोळशाचा थर क्लोरिन शोषून घेतो, त्यामुळे पुढच्या टाकीत साठलेले पाणी पूर्ण असंरक्षित असते. पडदा वेळेवर बदलला नाही तर दिवा लागलेला दिसतो, पण आत काय चालले आहे ते कळत नाही. अतिनील किरणांचे यंत्र जंतूंवर चांगले काम करते, पण गढूळ पाण्यात नाही आणि वीज गेल्यावर नाही. बाजारातले थंड पाण्याचे सुटे जार हा तर पर्यायच नव्हे. जार कधी धुतला, कोणत्या पाण्याने भरला हे विचारून पाहावे.

घरगुती पारंपरिक उपायांना सरसकट नावे ठेवणे चुकीचे आहे. बांगलादेशात मतलब भागातल्या खेड्यांत रीटा कॉलवेल यांनी जुन्या सुती साडीच्या चार पदरांतून पाणी गाळायला लावले, तेव्हा पटकीचे प्रमाण जवळपास निम्म्याने घटले. २००३ साली हे निष्कर्ष प्रसिद्ध झाले. पटकीचा जिवाणू पाण्यातल्या सूक्ष्म प्लवकांना चिकटून राहतो आणि प्लवक कापडात अडकते, हे त्याचे कारण. काविळीचा विषाणू मोकळा तरंगतो, त्याला कापड अडवत नाही. तुरटी आणि निवळीचे बी गढूळपणा खाली बसवतात, म्हणून त्यांचे काम क्लोरिनच्या किंवा उकळण्याच्या आधीचे. तांब्याच्या भांड्यात रात्रभर ठेवलेल्या पाण्यातले जिवाणू मरतात असे प्रयोगशाळेत दिसले आहे, पण संशयित पाण्यासाठी केवळ त्यावर विसंबू नये.

एवढे करूनही पाणी पुन्हा बिघडते ते साठवणीत. स्रोतापाशी चांगले असलेले पाणी घरात ओठापाशी पोहोचेपर्यंत दूषित होते, असे अनेक देशांतील अभ्यासांच्या २००४ सालच्या एकत्रित आढाव्यातून दिसले. कारण बहुधा हात. रुंद तोंडाच्या पिंपात पेला बुडवला की बोटेही बुडतात. तोटीचे भांडे किंवा लांब दांड्याचे ओगराळे आणि घट्ट झाकण, इतके बदलले तरी फरक पडतो. ओगराळे भांड्याबाहेर, टांगून ठेवावे; पाण्याच्या झाकणावर नाही. उकळलेले पाणी त्याच भांड्यात ठेवावे किंवा धुऊन, उकळत्या पाण्याने विसळलेल्या भांड्यात ओतावे आणि दिवसभरात संपवावे. इमारतीचा हौद वर्षातून दोनदा रिकामा करून घासावा, त्याचे झाकण जमिनीच्या वर उंच असावे आणि शेजारून मैलापाण्याचा चेंबर जातो का हे पाहावे. भाजी धुण्याचे, दात घासण्याचे, बर्फाचे आणि बाळाच्या दुधाचे पाणीही पिण्याच्याच पाण्यात धरावे.

शेवटचा आक्षेप तत्त्वाचा आहे : कर भरूनही घराने पाणी का शुद्ध करावे? आक्षेप रास्त आहे. घरगुती उपाय हे नगरपालिकेच्या जबाबदारीला पर्याय नाहीत, आणि गॅस व यंत्र परवडणाऱ्या घरांनी आपापली सोय लावून गप्प बसण्याने उरलेल्या घरांचे नुकसानच होते. जानेवारी २०२५ मध्ये पुण्याच्या सिंहगड रस्ता परिसरात गुलेन बॅरे सिंड्रोम या मज्जातंतूंच्या आजाराचे रुग्ण वाढले आणि काहींच्या नमुन्यांत कॅम्पिलोबॅक्टर जिवाणू सापडला, तेव्हा खासगी यंत्रांच्या या शहरात पुन्हा विहीर, वाहिनी आणि क्लोरिन हेच चर्चेचे विषय झाले. म्हणून पाणी उकळायला ठेवल्यावर दुसरे काम तक्रारीचे : लेखी, तारीख-वेळ आणि गल्लीचे नाव घालून. नमुना घरच्या बाटलीत देऊ नये. प्रयोगशाळेची निर्जंतुक बाटली मागावी, तिच्यात क्लोरिन निष्प्रभ करणारे द्रव्य आधीच घातलेले असते, आणि ती बर्फात ठेवून काही तासांतच पोहोचवावी. आपल्या प्रभागातल्या शेवटच्या नळाला आज किती शिल्लक क्लोरिन मिळाले, हा आकडा पाणीपुरवठा विभागाकडे रोज असायला हवा. तो मागावा.