खजुराच्या पावाचा हिशेब

रमजान संपत आला की घरोघरी खजुराच्या पेटीच्या तळाशी दबलेला, चिकटलेला खजूर उरतो. तो टाकवत नाही. आम्ही त्याचा पाव करतो. बिया काढून पेलाभर खजूर बारीक चिरायचा, वर चमचाभर खायचा सोडा भुरभुरायचा आणि पेलाभर उकळते पाणी ओतायचे. फेस येतो, साल मऊ पडते, रंग काळसर होतो. गार झाल्यावर अंडे, साखर, लोणी, दोन पेले मैदा आणि मूठभर अक्रोड. फार ढवळायचे नाही, नाहीतर पाव चिवट होतो. ठेवूनही द्यायचे नाही, कारण सोड्याचा वायू उडून जातो. तासाभरात पाव तयार. यीस्ट नाही, मळणे नाही, रात्रभर आंबवणे नाही.

पाहुणे याला 'अमेरिकन केक' म्हणतात. ते निम्मे खरे आहे. लाकडाची राख धुऊन, आटवून काढलेल्या क्षाराने पीठ फुगवण्याची रीत अमेरिकेतल्या घरांत रुजली. त्या देशाचे पहिले पेटंटच असा क्षार बनवण्याच्या पद्धतीला मिळाले आहे: सॅम्युएल हॉपकिन्स, ३१ जुलै १७९०. पुढे १७९६ साली अमेलिया सिमन्स या बाईंनी छापलेल्या पाकपुस्तकात तोच क्षार पिठात पडला. एकोणिसाव्या शतकात कारखान्याचा सोडा आला आणि राख मागे पडली. पण अशा क्षाराला इंग्रजीत जो शब्द आहे, 'अल्कली', तो अरबी 'अल्-किली'. खाऱ्या जमिनीत उगवणाऱ्या झुडपांची राख, असा त्याचा अर्थ. शाम देशात याच राखेचा साबण होई. आपल्या आजीच्या डब्यातला पापडखार याच कुळातला.

इथवर आले की आपली छाती फुगते. शब्द आपला, खजूर आपला! पण इतिहास असा अर्धा वाचून चालत नाही.

अमेरिकेत खजूर मुख्यतः बसरा आणि मस्कत इथून जहाजाने जाई. शरदात माल निघे, तो नाताळाच्या खरेदीआधी न्यूयॉर्कला पोचवायची घाई असे. तिथल्या एका प्रसिद्ध छापाचे नाव होते 'ड्रोमेडरी', म्हणजे एका मदारीचा उंट. खजूर विकणाऱ्या कंपन्या पाककृतींच्या पुस्तिका काढत. खजूर-अक्रोडाचा पाव अमेरिकन घरांत मुरला तो अशा दिवसांत. डब्यावर उंट असे. बसऱ्याला खजूर भरणाऱ्या बायका-मुले त्यावर नसत. आणि ओमानच्या बातिना किनाऱ्यावर विहिरींचे पाणी उपसून ज्यांनी त्या बागा जगवल्या, त्यांत आफ्रिकेतून पकडून आणलेले गुलामही होते. न्यूयॉर्कची मागणी वाढली तशी बागांत या माणसांची गरज वाढली. घेणारे ख्रिस्ती होते, पण बागांचे मालक आपलेच धर्मबांधव होते. गुलामाला मुक्त करणे हे मोठे पुण्य, असे वाझमध्ये ऐकत मोठे झालेल्या आम्हाला हे लिहिताना जड जाते. तरी लिहायलाच हवे.

पुढे अमेरिकेने स्वतःच खजूर लावला. बी पेरून तेच फळ मिळत नाही, झाडाच्या बुंध्याचे फुटवेच लावावे लागतात; म्हणून अमेरिकन शेतीखात्याची माणसे अल्जीरिया, इराककडे हिंडली. १९२७ साली वॉल्टर स्विंगल मोरोक्कोत गेले, तेव्हा 'बयूद' नावाच्या बुरशीने तिथल्या बागा वाळत होत्या. बूदनीबच्या ओअॅसिसमधून मेडजूल जातीचे अकरा फुटवे त्यांनी मिळवले. रोग सोबत येऊ नये म्हणून ते नेवाडात एका रेड इंडियन शेतकऱ्याच्या देखरेखीखाली कित्येक वर्षे वेगळे ठेवले. नऊ जगले. (दोन कुत्र्याने उकरले, असे सांगतात.) १९३० नंतरच्या दशकात ती झाडे कॅलिफोर्नियात इंडिओला नेली. कॅलिफोर्नियाचा खजूर वाढू लागला तसा मस्कतच्या मालाचा तिथला भाव गेला, आणि बातिनाच्या बागा कर्जात बुडाल्या.

स्विंगल यांचे नाव मेडजूलच्या प्रत्येक हकिकतीत येते. ज्याच्या झाडाचे फुटवे त्यांनी नेले त्या मोरोक्कन बागवानाचे नाव त्यांत सहसा येत नाही.

आता रमजानमध्ये मुंबईच्या मोहम्मद अली रोडवर मेडजूलच्या चकचकीत पेट्या दिसतात. आम्हीही एखादी घेतो. पावाला मात्र तळाचाच खजूर. मेडजूल चिरून सोड्यात घालायला हात धजत नाही.