वैज्ञानिक वास्तववाद

विज्ञानाच्या तत्त्वज्ञानातील एक भूमिका. कसोटीला उतरलेले वैज्ञानिक सिद्धांत ज्या वस्तूंविषयी बोलतात (उदा., अणू, इलेक्ट्रॉन, जनुक) त्या दिसोत वा न दिसोत, माणसाच्या जाणिवेवर अवलंबून न राहता अस्तित्वात असतात आणि सिद्धांत त्यांच्याविषयी जे सांगतात ते निदान स्थूलमानाने खरे असते, असे या भूमिकेचे प्रतिपादन आहे. तिच्या विरोधी मतांना मिळून प्रतिवास्तववाद म्हणतात. मात्र हा विरोध एकजिनसी नाही. साधनवाद्यांच्या मते सिद्धांत हे निरीक्षणांची सांगड घालण्याचे आणि भाकिते करण्याचे साधन असून त्याला खरेखोटेपणा लागूच होत नाही. इतर काही विरोधक सिद्धांत खरा किंवा खोटा असतो हे मान्य करतात, पण तो खरा आहे असे मानण्याची विज्ञानाला गरज नाही, असे म्हणतात. बाह्य जग मुळात आहे की नाही, हा चिद्वादाशी असलेला जुना वाद निराळा. येथे प्रश्न आहे तो जगातल्या न दिसणाऱ्या भागाचा.

पूर्वपीठिका : कोपर्निकसच्या १५४३ सालच्या ग्रंथाला जोडलेल्या निनावी प्रस्तावनेत अशी भूमिका आहे, की खगोलशास्त्रज्ञाची गृहीतके खरी असण्याची आवश्यकता नाही, गणिताचा निरीक्षणांशी मेळ बसला म्हणजे पुरे. ही प्रस्तावना आंड्रेआस ओसिआंडर या धर्मोपदेशकाने लिहिली होती, हे केप्लरने १६०९ मध्ये छापून उघड केले. कार्डिनल बेल्लारमीनोने १६१५ च्या एका पत्रात गॅलिलीओच्या पक्षाला जवळपास हाच सल्ला दिला. फ्रेंच भौतिकीविज्ञ प्येर द्यूएम याने १९०८ मध्ये तर्कशास्त्र ओसिआंडर आणि बेल्लारमीनो यांच्या बाजूचे होते, असा निर्वाळा दिला. द्यूएम निष्ठावान कॅथलिक होता. तथापि त्याचा युक्तिवाद तेवढ्यावरून बाजूला सारता येत नाही.

भारतीय दर्शनांपैकी वैशेषिकांनी परमाणू अनुमानाने सिद्ध केला. उन्हाच्या तिरिपेत दिसणारा त्रसरेणू हा दिसणाऱ्यांपैकी सर्वांत लहान. तो दिसतो त्याअर्थी सावयव असला पाहिजे, आणि अवयवांची ही परंपरा कोठेतरी थांबली पाहिजे, असा तो युक्तिवाद. निरवयव परमाणूला सहा दिशांनी सहा परमाणू चिकटले तर त्याला सहा बाजू मानाव्या लागतील, हा वसुबंधूचा आक्षेप प्रसिद्ध आहे. या चर्चेला आधुनिक अणुवादाची पूर्वसूचना म्हणावे काय, याविषयी मतैक्य नाही.

अणूंविषयीचा वाद : एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस रसायनशास्त्रज्ञ अणुभार रोजच्या कामात वापरीत होते, पण अणू आहेत काय, असे विचारले तर त्यांचे एकमत नव्हते. एर्न्स्ट माखला अणू हे विचारांच्या काटकसरीचे साधन वाटे. अणूंचा विषय निघाला की तो ‘तुम्ही पाहिला आहे काय?’ असे विचारी, असे सांगतात. व्हिल्हेल्म ओस्टव्हाल्टने १८९५ मध्ये ल्यूबेक येथील व्याख्यानात अणू टाकून केवळ ऊर्जेच्या पायावर भौतिकी उभी करण्याचा पुरस्कार केला. लूटव्हिख बोल्ट्समान हा अणूंचा कट्टर पुरस्कर्ता होता. त्याने १९०६ मध्ये आत्महत्या केली. तिचा संबंध या वादाशी जोडण्याची प्रथा आहे, परंतु त्याची प्रकृती आणि मनःस्थिती आधीपासून खालावलेली होती.

पाण्यातील सूक्ष्म कण अविरत थरथरत असतात, हे वनस्पतिशास्त्रज्ञ रॉबर्ट ब्राउनने १८२७ मध्ये पाहिले होते. पाण्याच्या रेणूंच्या असमान धडकांमुळे हे कण किती अंतर भरकटतील, याचे गणित आइन्स्टाइनने १९०५ मध्ये मांडले. झां पेरँने पॅरिसमध्ये १९०८ पासून या कणांवर जे प्रयोग केले, ते प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाचे होत. तत्त्वज्ञानाच्या ग्रंथांत ते बहुधा एका परिच्छेदात उरकलेले आढळतात.

त्याने गँबोज हा जलरंगासाठी वापरला जाणारा पिवळा डिंक घेतला (कोकम ज्या गार्सिनिया प्रजातीतले, त्याच प्रजातीतील झाडांपासून तो मिळतो). अल्कोहॉलमध्ये विरघळवून तो पाण्यात ओतला की गोल कणांचे पिवळे कलिल तयार होते. केंद्रोत्सारी यंत्रात पुनःपुन्हा फिरवून त्याने एकाच आकारमानाचे कण वेगळे काढले. एक किलोग्रॅम डिंकापासून कित्येक महिन्यांच्या खटपटीनंतर हवे तसे कण मिळाले ते काही दशांश ग्रॅम. डोंगरावर जसजसे वर जावे तसतशी हवा विरळ होते. रेणू खरे असतील तर या कणांनीही उंचीनुसार त्याच नियमाने विरळ व्हावयास हवे. फक्त येथे उंची किलोमीटरमध्ये मोजावयाची नसून मिलिमीटरच्या दहाव्या हिश्शात मोजावयाची होती.

कलिलाच्या थेंबाची खोली सुमारे १०० मायक्रॉन होती. हलणारे कण एका दृष्टिक्षेपात मोजता येत नाहीत, म्हणून पेरँने सूक्ष्मदर्शकाच्या नेत्रिकेत सुईने बारीक भोक पाडलेली अपारदर्शक चकती बसविली. भोकातून एका वेळी मोजकेच कण दिसत. ठरावीक अंतराने क्षणभर पाहावयाचे, आकडा लिहावयाचा, असे करीत एका मालिकेत सुमारे १३,००० कण मोजले गेले. ५, ३५, ६५ आणि ९५ मायक्रॉन उंचीवरील कणसंख्यांचे प्रमाण १००, ४७, २२.६ आणि १२ असे आले. गणिताने ते १००, ४८, २३ आणि ११.१ यावयास हवे होते. अशा मोजण्यांवरून ॲव्होगाड्रो अंक (एक मोल पदार्थातील रेणूंची संख्या) सुमारे ६.८ गुणिले १० चा २३ वा घात, असा निघाला. आजच्या मूल्यापेक्षा (६.०२२) तो सुमारे तेरा टक्क्यांनी अधिक आहे. परंतु युक्तिवादाचा भर अचूकतेवर नव्हता. वायूंची श्यानता, आकाशाचा निळेपणा, तप्त वस्तूचे प्रारण, किरणोत्सर्गातून निघणारे हीलियम अशा परस्परांशी संबंध नसलेल्या वाटांनी गेले तरी तोच अंक थोड्याफार फरकाने हाती येतो, हे पेरँने १९१३ च्या आपल्या ग्रंथात एका तक्त्यात मांडून दाखविले. अणू नसतीलच, तर हा मेळ कशामुळे?

ओस्टव्हाल्टने आपल्या पाठ्यपुस्तकाच्या नव्या आवृत्तीत अणुवाद मान्य केला आणि आंरी प्वँकारेनेही १९१२ मध्ये शंका मागे घेतली. माखने अखेरीस (मृ. १९१६) मत बदलले की नाही, याविषयी अभ्यासकांत मतभेद आहेत. पेरँला १९२६ चे भौतिकीचे नोबेल पारितोषिक मिळाले. २० मे २०१९ पासून ॲव्होगाड्रो स्थिरांक मोजला जात नाही. मोल या एककाच्या व्याख्येतच तो निश्चित करण्यात आला आहे.

विसाव्या शतकातील युक्तिवाद : तार्किक प्रत्यक्षार्थवाद्यांनी निरीक्षणाची भाषा आणि सिद्धांताची भाषा अशी विभागणी करून अस्तित्वाचा प्रश्न टाळला. ही सीमारेषा आखता येत नाही, असे ग्रोव्हर मॅक्सवेलने १९६२ मध्ये दाखविले : खिडकीची काच, चष्मा, दुर्बीण, सूक्ष्मदर्शक या क्रमात ‘पाहणे’ नेमके कोठे संपते, हे सांगता येणार नाही.

वास्तववाद्यांचा मुख्य युक्तिवाद हिलरी पटनमने १९७५ मध्ये मांडला. सिद्धांत सत्याच्या जवळपासही नसतील, तर विज्ञानाचे यश हा चमत्कार ठरेल, असे त्याचे तात्पर्य आहे. तो ‘चमत्कार नको’ या नावाने ओळखला जातो. याला उत्तर म्हणून लॅरी लॉडनने १९८१ मध्ये यशस्वी ठरूनही पुढे टाकून दिलेल्या सिद्धांतांची यादी दिली. फ्लॉजिस्टन, उष्णतेचा कॅलरिक द्रव आणि प्रकाशवाहक ईथर ही तीतील ठळक नावे. मागचे बुडाले तर आजचे का बुडणार नाहीत, या अनुमानाला निराशावादी विगमन म्हणतात. यादीतील काही सिद्धांतांना यशस्वी म्हणणे धाडसाचे आहे. ईथरचे उदाहरण मात्र खरोखर अडचणीचे आहे. फ्रेनेलच्या तरंग सिद्धांताप्रमाणे गोल चकतीच्या सावलीच्या मध्यभागी प्रकाशाचा ठिपका पडावा, असा निष्कर्ष प्वासाँने तो सिद्धांत खोडून काढण्यासाठी काढला होता. आरागोने प्रयोग केला आणि ठिपका दिसला. भाकीत अनपेक्षित होते, ते खरे ठरले, आणि ज्या ईथरमध्ये हे तरंग उठतात असे फ्रेनेल मानी तो ईथर मात्र पुढे टाकून द्यावा लागला.

जॉन वॉरलने १९८९ मध्ये यातून वाट काढली. ईथर गेला तरी परावर्तित व अपवर्तित प्रकाशाविषयीची फ्रेनेलची समीकरणे भौतिकीविज्ञ जेम्स क्लार्क मॅक्सवेलच्या विद्युत्‌चुंबकीय सिद्धांतात जशीच्या तशी टिकली. तेव्हा विज्ञानाला कळते ती संबंधांची रचना, वस्तूंचे स्वरूप नव्हे. या मताला संरचनात्मक वास्तववाद म्हणतात. त्याचे मूळ प्वँकारेच्या लेखनात आहे.

बास व्हान फ्रासन याचा रचनात्मक अनुभववाद (१९८०) हा आजवरचा सर्वांत सुसंगत प्रतिपक्ष होय. सिद्धांत स्वीकारणे म्हणजे तो निरीक्षणक्षम घटनांपुरता बिनचूक आहे एवढेच मानणे. इलेक्ट्रॉनविषयी मौन पाळता येते. पेरँच्या कामगिरीने अणूंचे अस्तित्व सिद्ध झाले असे मानणेही त्याला मंजूर नाही. तेथे सैद्धांतिक राशींना मापनाचा आधार मिळाला, इतकेच ते यश, असे त्याने २००९ च्या लेखात म्हटले आहे. अनेक स्वतंत्र वाटा एकाच अंकाशी का पोहोचल्या, याचे उत्तर मात्र त्यातून मिळत नाही. इयन हॅकिंगने (१९८३) सिद्धांत सोडून प्रयोगशाळेकडे लक्ष वेधले : ज्या कणांचा झोत सोडून दुसरे काही घडवून आणता येते, ते कण खरे.

पुंजयामिकी : या क्षेत्रात वास्तववादाची स्थिती विवाद्य आहे (पहा : पुंजयामिकी).

सामाजिक शास्त्रे : रॉय भास्कर याचा १९७५ चा ग्रंथ ‘चिकित्सक वास्तववाद’ या पंथाचा आरंभ मानला जातो.

आइन्स्टाइन–टागोर संवाद : १४ जुलै १९३० रोजी बर्लिनजवळील कापुट येथे रवींद्रनाथ टागोर व आइन्स्टाइन यांची भेट झाली. सत्य मानवनिरपेक्ष असते, या आइन्स्टाइनच्या म्हणण्याला टागोरांनी संमती दिली नाही.

सद्यःस्थिती : इंग्रजी भाषिक विद्यापीठांवर भर असलेल्या २००९ च्या एका पाहणीत उत्तर देणाऱ्या ९३१ तत्त्वज्ञांपैकी सुमारे ७५ टक्के वैज्ञानिक वास्तववादाच्या बाजूला होते किंवा तिकडे झुकलेले होते, आणि सुमारे १२ टक्के विरोधी बाजूला. २०२० मध्ये झालेल्या पाहणीतही वास्तववाद्यांचे बहुमत कायम राहिले.