अकोला आकाशवाणी आणि मूर्तिजापूर परिसर

अकोला आकाशवाणी : अकोला येथील सार्वजनिक नभोवाणी केंद्र. प्रक्षेपण एफएम, १०२.४ मेगाहर्ट्झ. आकाशवाणीच्या जिल्हा पातळीवरील ‘स्थानिक केंद्रां’पैकी हे एक. अकोल्यापासून लोहमार्गाने पूर्वेस सुमारे ३७ किमी. अंतरावरचे मूर्तिजापूर व त्याचा तालुका या केंद्राच्या टापूत येतो. प्रस्तुत नोंदीत वऱ्हाडातील नभोवाणी-संगीताचा इतिहास मूर्तिजापूरच्या बाजूने मांडला आहे. नभोवाणीचा इतिहास सहसा स्टुडिओतून लिहिला जातो. ज्या गावांनी ती ऐकली आणि ज्यांचे गळे तिथवर उशिरा पोचले, त्यांचा उल्लेख त्यात फारसा येत नाही.

मुंबईचे केंद्र २३ जुलै १९२७ रोजी सुरू झाले, पण वऱ्हाडाला जवळचे म्हणावे असे केंद्र मिळायला १९४८ साल उजाडले. त्या वर्षी नागपूर केंद्र सुरू झाले. नागपूर तेव्हा मध्य प्रांत व वऱ्हाडची राजधानी होते, त्यामुळे केंद्रावर मराठी आणि हिंदी दोन्ही भाषा नांदल्या. १ नोव्हेंबर १९५६ रोजी विदर्भ द्विभाषिक मुंबई राज्यात आला, तरी मूर्तिजापूरकरांच्या लेखी ‘रेडिओ’ म्हणजे नागपूरच राहिले. ५८५ किलोहर्ट्झच्या मध्यम लहरी जमिनीलगत लांबवर जातात, म्हणून दोनशेक किलोमीटरांवरचे हे केंद्र दिवसा नीट लागे. रात्री दूरदूरची केंद्रे एकमेकांत मिसळत. पावसाळ्यात वीज कडाडली की खरखर सुरू होई आणि ऐन रंगात आलेली ठुमरी हातची जाई.

सुरुवातीच्या काळात संच घेणे ही घरातली मोठी खरेदी असे. व्हॉल्व्हचा रेडिओ, त्याच्यासाठी भिंतीला भिंत जोडत ताणलेली तांब्याची जाळीदार एरियल, आणि पोस्टातून काढायचा परवाना. परवान्याच्या पुस्तिकेवर दरवर्षी शुल्क भरल्याची नोंद करून घ्यावी लागे. साठच्या दशकात ट्रान्झिस्टर आला. सेलवर चालणारा हा संच बैलगाडीच्या साटीवर, जिनिंगच्या आवारात, रखवालीच्या मचाणावर जाऊ लागला आणि ऐकणे दिवाणखान्याबाहेर पडले. परवान्याची पद्धत मात्र १९८० च्या दशकापर्यंत टिकली.

त्या काळी काय ऐकायचे हे बरेचसे दिल्लीत ठरे. १९५२ ते १९६२ या काळात माहिती व नभोवाणी मंत्री असलेले बा. वि. केसकर शास्त्रीय संगीताचे कट्टर पुरस्कर्ते होते. त्यांच्या कारकिर्दीत २० जुलै १९५२ पासून संगीताचा राष्ट्रीय कार्यक्रम सुरू झाला, आणि चित्रपटगीते आकाशवाणीवरून जवळजवळ हद्दपार झाली. श्रोते काटा फिरवून रेडिओ सिलोनकडे गेले. अमीन सयानींची ‘बिनाका गीतमाला’ १९५२ चीच. अखेर ३ ऑक्टोबर १९५७ रोजी विविध भारती सुरू करून आकाशवाणीने चित्रपटगीतांना घर दिले. १ नोव्हेंबर १९६७ रोजी विविध भारतीची जाहिरातसेवा मुंबई, पुणे आणि नागपूर येथे सुरू झाली. केसकरांना या बंदीपायी पुष्कळ दूषणे मिळाली आणि ती रास्तच होती. तरीही मैफल ज्या गावात कधी होणार नव्हती, तिथल्या माणसाने भीमसेन जोशी आणि हिराबाई बडोदेकर ऐकले ते याच धोरणामुळे, हे विसरता येत नाही.

गाणाऱ्यांची वाट अधिक अवघड होती. रेडिओवर गायचे तर स्वरपरीक्षा द्यावी लागे. उत्तीर्ण कलावंताला श्रेणी मिळे आणि त्यानुसार मानधन ठरे. पोस्टाने करारपत्र आले की मूर्तिजापूर किंवा कारंजाच्या कलावंताने मुंबई–हावडा मार्गावरची गाडी धरून नागपूर गाठायचे. यवतमाळ–मूर्तिजापूर–अचलपूर या ‘शकुंतला’ नावाच्या छोट्या रेल्वेगाडीच्या मार्गावरील खेड्यांतल्या लोकांना तर आधी अरुंद रुळांवरून मूर्तिजापूर जंक्शनला यावे लागे. शेतात वखर चालू असताना किंवा वेचणीच्या दिवसांत दोन दिवसांची मजुरी बुडवून कोण जाणार? म्हणून गावोगावची कितीतरी भजनी मंडळे स्टुडिओच्या पायरीपर्यंतही पोचली नाहीत.

दुसरी अडचण पेटीची. आकाशवाणीने १९४० मध्ये हार्मोनियमवर बंदी घातली. तिचे ठरावीक स्वर भारतीय संगीतातील श्रुती व मींड यांना पारखे आहेत, असा आक्षेप होता. ही बंदी १९७१ मध्ये शिथिल झाली. म्हणजे नागपूर केंद्राची पहिली वीसहून अधिक वर्षे पेटीविना गेली. वऱ्हाडातले भजन पेटी, तबला आणि टाळांवर उभे असते. पेटी काढली की मंडळाचा सूर धरणारे माणूसच उठून गेल्यासारखे होते. खंजिरी आणि एकतारीवर गाणाऱ्यांना ही अडचण नव्हती. राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांनी (१९०९–६८) गुरुकुंज मोझरीहून खंजिरी भजनाची जी परंपरा रुजवली, ती आजही या पट्ट्यातल्या गावांत सामुदायिक प्रार्थनेच्या वेळी ऐकू येते.

वऱ्हाडी आवाज जपून ठेवण्याचे मोल गाडगेबाबांच्या उदाहरणाने कळते. बाबांचे बालपण मूर्तिजापूर तालुक्यातील दापुरा येथे मामाच्या घरी गेले. त्यांनी आयुष्यभर कीर्तने केली, लिहून काहीच ठेवले नाही. वांद्रे येथे ८ नोव्हेंबर १९५६ रोजी झालेले त्यांचे अखेरचे कीर्तन ध्वनिमुद्रित झाले आणि सहाच आठवड्यांनी, २० डिसेंबरला, ते गेले. श्रोत्यांना प्रश्न विचारून उत्तर वदवून घेण्याची त्यांची लकब, ‘गोपाला गोपाला’चा गजर, वऱ्हाडी बोलीचा ठसका हे सारे आज कानांनी ऐकता येते ते त्या ध्वनिमुद्रणामुळे.

स्थानिक केंद्राची कल्पना यासाठीच महत्त्वाची. देशातले असे पहिले केंद्र १९८४ मध्ये तमिळनाडूत नागरकोइल येथे सुरू झाले. पुढे महाराष्ट्रात अकोल्यासह यवतमाळ, चंद्रपूर, नांदेड, बीड, सातारा, धुळे इत्यादी ठिकाणी ती उभी राहिली. मध्यम लहरींऐवजी येथे एफएम आले. एफएमच्या लहरी साधारण नजरेच्या रेषेत जातात. डोंगर आडवा आला की थांबतात. पूर्णेच्या खोऱ्यातला सपाट खारपाणपट्टा, जिथे विहिरीचे पाणी पिकाला चालत नाही, तो या लहरींना मोकळे रान ठरला. मूर्तिजापुरात अकोला स्वच्छ लागते आणि विजेची खरखर नाही. उत्तरेला गाविलगडच्या रांगांत किंवा दक्षिणेला पातूरकडच्या डोंगरांच्या आडोशाला तोच आवाज क्षीण होतो.

अंतर कमी झाले याचा खरा फायदा गाणाऱ्याला. सकाळच्या गाडीने जाऊन संध्याकाळी घरी, एवढ्यात काम होऊ लागले. भाद्रपद पौर्णिमेपासून कोजागरीपर्यंत मुली म्हणतात ती भुलाबाईची गाणी, पोळ्याच्या तोरणाखाली एकमेकांवर फेकल्या जाणाऱ्या झडत्या, जात्यावरच्या ओव्या, गोंधळ, दंडार : यांतले बरेच काही ऋतूशी बांधलेले आहे आणि ऋतूतच ऐकायचे असते. दूरच्या मोठ्या केंद्राला पोळा हा वर्षातला एक कार्यक्रम. इथल्या केंद्राला तो आठवडाभराचा विषय व्हायला हवा. विठ्ठल वाघ यांच्यासारख्या अकोल्यात राहून लिहिणाऱ्या वऱ्हाडी कवीचे ‘काळ्या मातीत मातीत’ हे गीत ‘अरे संसार संसार’ (१९८१) या चित्रपटामुळे घराघरांत पोचले. वऱ्हाडच्या मातीतले गाणे वऱ्हाडात येण्यासाठी आधी मुंबईच्या तबकडीवर जावे लागले, ही उलटी वाट सरळ करणे हे अकोला केंद्राचे सर्वांत मोठे काम होय.

२३ नोव्हेंबर १९९७ पासून आकाशवाणी प्रसार भारतीकडे आली. नव्या शतकात अकोल्यात खासगी एफएम वाहिन्या आल्या. त्यांचे संगीत प्रामुख्याने हिंदी चित्रपटांचे, त्यामुळे लोकसंगीताची जबाबदारी सार्वजनिक केंद्रावरच राहिली. नागपूरहून १९८८ पासून रात्रभर चालणारी राष्ट्रीय वाहिनी २०१९ मध्ये बंद झाली आणि रात्रपाळीच्या जिनिंग कामगारांपासून रखवालदारांपर्यंत अनेकांची सोबत गेली. २८ एप्रिल २०२३ रोजी देशभरात १०० वॅटची ९१ एफएम प्रक्षेपके एकाच वेळी कार्यान्वित झाली. अशी छोटी प्रक्षेपके ऐकण्याची सोय वाढवतात, पण कार्यक्रम दुसऱ्या केंद्राचाच पुढे पाठवतात. मंडळाला बसून गाता येईल असा स्टुडिओ त्यांच्यासोबत येत नाही. मूर्तिजापूर तालुक्यातल्या गाणाऱ्यांसाठी जिल्ह्यात आकाशवाणीचा मायक्रोफोन आहे तो अकोल्यातच.