व्हिटवर्थ स्टँडर्ड म्हणजे काय?

आज एकच टाइप-सी केबल वेगवेगळ्या कंपन्यांच्या फोनला चालते. दोनशे वर्षांपूर्वी इंग्लंडमध्ये नट-बोल्टचं असं नव्हतं. कारखाना बदलला की आटे बदलायचे. एकाचा नट दुसऱ्याच्या बोल्टवर बसायचाच नाही. मशीन बिघडलं की जुळणारा भाग मुद्दाम बनवून घ्यावा लागे.

मँचेस्टरचे इंजिनिअर जोसेफ व्हिटवर्थ यांनी अनेक कारखान्यांतले स्क्रू मोजून 1841 मध्ये नियम मांडला: आट्यांचा कोन 55 अंश आणि बोल्टच्या जाडीनुसार दर इंचाला ठरावीक आटे. पुढे ब्रिटिश रेल्वेंनी तो उचलला.

अमेरिकेत मात्र विल्यम सेलर्स यांनी 1864 मध्ये 60 अंश सुचवले. परिणाम? दुसऱ्या महायुद्धात या मित्रदेशांचे सुटे भाग एकमेकांना जुळेनात. अखेर 1948 मध्ये 60 अंशांवर एकमत झालं.

आपल्या घरातल्या नळाच्या आट्यांत व्हिटवर्थचे 55 अंश मात्र अजून टिकून आहेत.