जादूची बॅटरी

२००८ साली लॅमिंग्टन रोडवरच्या एका चिंचोळ्या दुकानात मी माझा पीएसपी काउंटरवर ठेवला. दुकानदाराने मागचं झाकण उघडून माझी बॅटरी बाजूला काढली. ड्रॉवरमधून दुसरी बॅटरी घेतली, तिच्यावर ओळखण्यासाठी पांढरी चिकटपट्टी लावलेली होती. मग स्वतःचं एक मेमरी कार्ड खाचेत सरकवलं आणि ती बॅटरी बसवली. बटणाला कोणी हात लावला नव्हता, तरी यंत्र आपोआप सुरू झालं. थोड्या वेळाने त्याने पीएसपी परत दिला तेव्हा माझ्या चार जीबीच्या कार्डात आठ गेम होते आणि डिस्क एकही नव्हती. ‘आता डिस्कवर पैसे घालवू नकोस,’ तो म्हणाला. मी खूश होऊन ग्रँट रोड स्टेशन गाठलं.

ती बॅटरी काय होती, हे मला कळायला बरीच वर्षं गेली. तुमच्यापैकी अनेकांच्या फोनवर आज पीपीएसएसपीपी हे अॅप असेल. त्यात तुम्ही जी ‘आयएसओ’ फाइल उघडता, ती कधीतरी कोणीतरी एका छोट्या डिस्कमधून बाहेर काढलेली असते. डिस्कमधून गेम बाहेर काढणं आणि तो यंत्रावर चालवणं, या दोन्ही गोष्टींसाठी एक कुलूप तोडावं लागलं होतं. ही त्या कुलपाची गोष्ट आहे.

डिस्कच्या आत डिस्क

प्लेस्टेशन पोर्टेबल, म्हणजे पीएसपी, जपानमध्ये १२ डिसेंबर २००४ रोजी आणि अमेरिकेत मार्च २००५ मध्ये विक्रीला आला. त्याचे गेम यूएमडी नावाच्या डिस्कवर येत. सहा सेंटिमीटरची चकती, प्लास्टिकच्या कवचात कायमची बंद, क्षमता १.८ जीबी. त्या काळी हातात मावणाऱ्या यंत्रासाठी ही जागा प्रचंड होती.

सोनीने कोऱ्या यूएमडी बाजारात कधीच आणल्या नाहीत, त्यावर लिहिणारा ड्राइव्हही विकला नाही. सीडी किंवा डीव्हीडीची नक्कल घरच्या कॉम्प्युटरवर निघत होती, यूएमडीची निघणं शक्य नव्हतं. दुसरं कुलूप सॉफ्टवेअरमध्ये होतं. सोनीची डिजिटल सही नसलेला प्रोग्रॅम यंत्राने चालवायचाच नाही, असा नियम. म्हणजे नक्कल करायचीच तर गेमची फाइल मेमरी स्टिकवर ठेवावी लागणार, आणि यंत्राला ‘ही डिस्कच आहे’ असं पटवावं लागणार.

उंदीर-मांजराची दोन वर्षं

जपानमधल्या पहिल्या यंत्रांवर १.०० हे फर्मवेअर होतं. त्यात सही तपासण्याची अटच ढिली निघाली, आणि २००५ च्या पूर्वार्धातच हौशी प्रोग्रॅमर आपले छोटे प्रोग्रॅम त्यावर चालवू लागले. अमेरिकेतली यंत्रं १.५० घेऊन आली, त्यांत ही फट बुजवलेली होती. मग जून २००५ मध्ये एक गमतीशीर युक्ती निघाली. यंत्र प्रोग्रॅमची तपासणी एका मेमरी कार्डावर करतं, तर ती झाल्या झाल्या कार्ड उपसायचं आणि दुसरं घालायचं. वेळ नेमकी साधली तर दुसऱ्या कार्डावरचा प्रोग्रॅम तपासणीशिवाय चालू होई. काही दिवसांतच कार्ड न बदलताही तेच साधणारी पद्धत आली.

सोनीने २.०० काढलं. त्यात वेब ब्राउझर आला आणि टीआयएफएफ प्रकारचे फोटो उघडण्याची सोयही. सप्टेंबर २००५ मध्ये त्या सोयीतच भोक सापडलं. मुद्दाम बिघडवलेला एक फोटो उघडला की त्यातला मजकूर मेमरीत ठरवून दिलेल्या जागेबाहेर सांडायचा, आणि यंत्र त्या सांडलेल्या मजकुरालाच आज्ञा समजायचं. तेही बुजवलं गेलं, तेव्हा २००६ मध्ये ‘जीटीए: लिबर्टी सिटी स्टोरीज’च्या सेव्ह फाइलमधून वाट निघाली. २००७ मध्ये ‘ल्युमिनेस’ या जुन्या कोडे-गेममध्ये तशीच फट सापडली, आणि दोन-अडीच वर्षांपूर्वीचा तो गेम अॅमेझॉनच्या विक्रीच्या यादीत एकाएकी वर चढला. लोक तो खेळण्यासाठी विकत घेत नव्हते, किल्ली म्हणून घेत होते.

सोनीकडे एक हुकमी पत्ता होता. नवी डिस्क घातली की ती नवं फर्मवेअर मागायची, आणि ते टाकलं की जुनी फट बंद. त्यामुळे नवे गेम किंवा मोकळं यंत्र, यांतलं एकच निवडावं लागे. ही कोंडी ऑक्टोबर २००६ मध्ये फुटली. डार्क अॅलेक्स या टोपणनावाच्या स्पॅनिश प्रोग्रॅमरने सोनीचंच २.७१ फर्मवेअर घेऊन त्यात बदल केले आणि ‘कस्टम फर्मवेअर’ म्हणून ते दिलं. नव्या सोयीही हव्यात आणि स्वातंत्र्यही, तर दोन्ही घ्या. पुढच्या काही आवृत्त्यांत कार्डावरची आयएसओ फाइल मेन्यूत थेट डिस्कसारखी दिसू लागली.

दुरुस्तीवाल्याची किल्ली

तरी एक अडचण उरली होती. ज्याच्या यंत्रावर आधीच नवं फर्मवेअर होतं, त्याला आत शिरायला वाट नव्हती. ती वाट ऑगस्ट २००७ मध्ये ‘पँडोरा बॅटरी’ने करून दिली.

पीएसपीच्या बॅटरीत एक लहान चिप असते, आणि तिच्यात अनुक्रमांक. तो क्रमांक एका विशिष्ट संख्येइतका असला, तर यंत्र स्वतःची अंतर्गत मेमरी बाजूला ठेवून थेट मेमरी स्टिकवरून सुरू होतं. ही सोय सोनीनेच दुरुस्ती केंद्रांसाठी ठेवली होती, कारण फर्मवेअर बिघडून मेलेलं यंत्र जिवंत करायचं तर दुसरा मार्ग नाही. हॅकरांनी ती युक्ती उलगडली. मग कोणी आधी मोकळ्या झालेल्या पीएसपीवरून बॅटरीचा क्रमांक बदलू लागलं, तर कोणी बॅटरीचं कवच उघडून चिपचा एक पाय उचलू लागलं. नंतरच्या मदरबोर्डांवर सोनीने ही वाट बंद केली, पण तोवर जगभरच्या लॅमिंग्टन रोडांवर ती बॅटरी ड्रॉवरमध्ये पोहोचली होती. चिकटपट्टीवाली ती जादू म्हणजे मूळची दुरुस्तीवाल्याची किल्ली.

हिशोब

या मंडळींना मला नायक करायचं नाही. त्यांच्यातल्या अनेकांना स्वतः लिहिलेले प्रोग्रॅम चालवायचे होते आणि आयएसओचा धंदा नापसंत होता. पण दार एकच होतं आणि त्यातून कोण जाणार हे त्यांच्या हातात नव्हतं. माझ्यासारखे लाखो गेले. माझ्या आठ गेमपैकी एकाचेही पैसे ते बनवणाऱ्यांना मिळाले नाहीत. ‘डिस्क महाग होत्या, मी विद्यार्थी होतो’ हे खरं आहे, पण त्याने हिशोब मिटत नाही. २००९ च्या सुमारास सोनीचे अधिकारी पीएसपीवर गेम कमी येण्याचं खापर उघडपणे पायरसीवर फोडत होते. त्यात तथ्य होतं, पण तेवढंच नव्हतं. तेच यंत्र, तेच तुटलेलं कुलूप असताना जपानमध्ये २०१० च्या ‘मॉन्स्टर हंटर पोर्टेबल थर्ड’च्या ४० लाखांहून जास्त प्रती खपल्या.

मग बाजी पलटली. ऑक्टोबर २००९ मध्ये आलेल्या ‘पीएसपी गो’मध्ये डिस्कची खाचच नव्हती. गेम फक्त डाउनलोड करून घ्यायचे. ज्यांच्याकडे कपाटभर यूएमडी होत्या, त्यांना त्या या यंत्रावर आणण्याची कोणतीही अधिकृत सोय मिळाली नाही. म्हणजे पैसे भरून डिस्क घेणाऱ्याचा गेम नव्या यंत्रावर चालत नव्हता. पुढे जुलै २०२१ मध्ये पीएसपीवरून ऑनलाइन काही विकत घेण्याची उरलीसुरली सोयही बंद झाली. साडेसात कोटींहून जास्त यंत्रं विकली गेली होती, आणि त्यांवर बसल्या जागी नवा गेम विकत घेण्याची वाट आता उरली नव्हती.

हे एकट्या सोनीचं नाही. निन्टेंडोने थ्रीडीएस आणि वी यूची दुकानं मार्च २०२३ मध्ये बंद केली. त्याच वर्षी अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्ट्री फाउंडेशनने पाहणी करून सांगितलं, की २०१० पूर्वी तिथे आलेल्या गेमपैकी ८७ टक्के आज बाजारात अधिकृतपणे मिळत नाहीत. पुस्तक छपाईतून गेलं तरी ग्रंथालयात असतं. गेम छपाईतून गेला की जुन्या डिस्क उरतात, आणि त्या वाचणाऱ्या लेन्स एकेक करून आंधळ्या होत जातात.

आपल्याकडचा कायदा याबाबत काय म्हणतो? १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२(१)(एए) नुसार कॉम्प्युटर प्रोग्रॅमची प्रत कायदेशीरपणे बाळगणारा माणूस ती हरवण्या-बिघडण्यापासून तात्पुरतं संरक्षण म्हणून बॅकअप घेऊ शकतो. २०१२ च्या दुरुस्तीने आलेलं कलम ६५ए डिजिटल कुलूप तोडणं गुन्हा ठरवतं, पण कॉपीराइटचा भंग करण्याचा हेतू असेल तर. म्हणजे कायद्यालाही तो हेतू विचारावा लागतो. दुकानातल्या त्या दिवशी माझा हेतू काय होता, हे मला नीट ठाऊक आहे.

विटीदांडू

माझ्याकडे आज जी यूएमडी सगळ्यात मोलाची आहे, ती परदेशातल्या कोणत्याही गाजलेल्या गेमची नाही. ‘देसी अड्डा: गेम्स ऑफ इंडिया’. २००९ मध्ये सोनीने पीएस टू आणि पीएसपीसाठी काढलेला गेम. त्यात कबड्डी आहे, पतंग आहे, आपला विटीदांडूही आहे. गेम म्हणून तो फार भारी नाही. पण भारतीय गल्लीतले खेळ जपानी यंत्रावर आणण्याचा तो एक प्रयत्न होता, आणि तो पुन्हा कोणी काढेल याची मला खात्री वाटत नाही.

दोन वर्षांपूर्वी माझ्या पीएसपीची बॅटरी फुगली आणि मागचं झाकण बसेना. नवी बॅटरी घातली, तर डिस्क फिरताना घरघर सुरू झाली. तेव्हा मी ६.६० कस्टम फर्मवेअर असलेलं ते यंत्र कॉम्प्युटरला जोडलं आणि यूएसबीच्या पर्यायांत ‘यूएमडी डिस्क’ निवडलं. कॉम्प्युटरवर एक फाइल दिसली. मी ती हार्ड डिस्कवर ओढली. ड्राइव्ह मधे दोनदा अडखळला, पण फाइल पूर्ण उतरली. मग तीच फाइल कार्डावरच्या ‘आयएसओ’ फोल्डरमध्ये ठेवली, डिस्क बाहेर काढली आणि गेम सुरू केला.

काम तेच होतं. तेच यंत्र, तेच तोडलेलं कुलूप, कार्डावर तशीच एक फाइल. २००८ मध्ये त्या कृतीने मी कोणाच्या तरी मेहनतीचे पैसे बुडवले होते. या वेळी पैसे भरून घेतलेली, जिची लेन्स आणखी किती दिवस चालेल सांगता येत नाही अशी एक वस्तू वाचवली. कुलूप बनवणाऱ्याला हा फरक दिसत नाही, म्हणून तो माणसानेच लक्षात ठेवायचा असतो.

त्या आठ गेमपैकी पाचांच्या डिस्क मी पुढे जुन्या बाजारातून घेतल्या. त्याचे पैसेही बनवणाऱ्यांपर्यंत पोहोचले नाहीत, हे मला कळतं. उरलेल्या तिघांच्या डिस्क अजून मिळालेल्या नाहीत. त्यांच्या फाइली मात्र अजून आहेत, त्या दुकानदाराने टाकून दिलेल्या, तशाच.